परतीची गाडी आधी बघा

फुटबॉलचा सामना नव्वद मिनिटांचा असतो हे आपल्या वस्तीतल्या लहान पोरालाही ठाऊक आहे. परंतु घाटकोपरच्या चाळीतून किंवा झोपडपट्टीतून सामना बघायला निघालेल्या कुटुंबाचे काम नव्वद मिनिटांत आटपत नाही. दुपारी चारला घर सोडायचे आणि रात्री अकराच्या सुमारास परत यायचे, म्हणजे सात तास घराबाहेर. त्यातला दीड तास खेळाडूंचा. उरलेले साडेपाच तास आपले, आणि त्यांची आखणी आपल्यालाच करावी लागते. ती नीट केली तर बायका, मुली, म्हातारी माणसे, सगळी सामना बघू शकतात. ती केली नाही तर मैदानात फक्त मोटारसायकलवाले तरुण आणि गाडीवाले साहेब लोक पोहोचतात. म्हणून विषय वरवर किरकोळ दिसला तरी त्यावर लिहावेसे वाटले.

मी कारकुनाची नोकरी करतो. बी.कॉम. झाल्यापासून आकड्यांशीच संबंध. संध्याकाळी वस्तीतील मुलामुलींना घेऊन जवळच्या मैदानावर जातो. मी काही प्रशिक्षक नव्हे. चेंडू सांभाळणे, पाण्याची सोय बघणे, भांडणे सोडवणे आणि शाळा सोडलेल्या मुलाला पुन्हा शाळेत बसवणे, एवढेच माझे काम. शिकवतात ती वस्तीतलीच थोडी मोठी पोरे.

फुटबॉलची गोडी मला वडिलांनी लावली. ते गोदीत कामाला होते. आमच्या लहानपणी कुपरेजच्या मैदानावर रोव्हर्स कपचे सामने होत. १८९१ साली सुरू झालेली ती जुनी स्पर्धा; २०००-०१ नंतर ती बंदच पडली. वडील मला घेऊन व्ही.टी.ला उतरत आणि आम्ही चालत कुपरेज गाठत असू. आम्ही बघितलेले सामने दुपारचे असत. सामना संपला की पुन्हा चालत स्टेशन, आणि दिवेलागणीला घर. परत कसे यायचे हा प्रश्न त्या काळी आम्हाला कधी पडला नाही. आता सामने विजेच्या झगमगाटात, टीव्हीच्या सोयीने, रात्री साडेसातला किंवा आठला सुरू होतात. दिवसभर कामावर जाणाऱ्या माणसाला ती वेळ सोयीची वाटते खरी. पण सामना संपतो तेव्हा रात्रीचे साडेनऊ-दहा वाजलेले असतात, आणि परतीचा प्रश्न तिथूनच सुरू होतो.

२०१४ साली इंडियन सुपर लीग सुरू झाली. मुंबई सिटी या क्लबाचे घरचे सामने पहिली दोन वर्षे नेरूळच्या डी. वाय. पाटील स्टेडियममध्ये झाले आणि २०१६ पासून ते अंधेरीच्या क्रीडा संकुलातील मैदानात होऊ लागले. योगायोग असा की आमच्या घाटकोपरहून वर्सोव्याला जाणारी मेट्रोही २०१४ च्या जूनमध्येच सुरू झाली होती, आणि तिचे आझाद नगर स्थानक या मैदानापासून चालत थोड्याच अंतरावर आहे. त्याआधी घाटकोपरहून अंधेरीला जायचे म्हणजे ३४० नंबरच्या बसमध्ये साकीनाक्याच्या गर्दीत तास-दीड तास उभे राहायचे, नाहीतर दादरला उतरून पश्चिम रेल्वेची गाडी पकडायची. मेट्रोने हा प्रवास अर्ध्या तासाच्या आत आणला. आमच्या मुलांसाठी सामना जवळ आला तो असा.

एकदा आम्ही ठरवले की मुलांना अंधेरीला खरा सामना दाखवायचा. नावे द्या म्हटल्याबरोबर दहा मिनिटांत सतरा मुलांची नावे आली. मुलींचे एकही नाव नव्हते. रोज मैदानावर येणाऱ्या मुली होत्या, मुलांपेक्षा चपळ खेळणाऱ्या होत्या. मग मी एकेका घरी गेलो. धुणीभांडी करणाऱ्या एका मावशींनी मला दारातच विचारले, "दादा, तुम्ही नेताय ते चांगलंच आहे. पण माझी पोरगी रात्री किती वाजता दारात येईल ते सांगा. ‘येऊ दहा-अकरापर्यंत’ असं नका सांगू. मला सकाळी पाचला उठायचं असतं. तोवर मी दारात बसून राहणार."

मावशींच्या प्रश्नात नकार नव्हता. त्यांना वेळ हवी होती. घरोघरी थोड्याफार फरकाने हेच ऐकायला मिळाले. आपण म्हणतो की आई-बाप मुलींना खेळू देत नाहीत, बाहेर पाठवत नाहीत. काही घरांत ते खरेही असेल. परंतु पुष्कळ आया ‘नाही’ म्हणतात, कारण ‘परत कसे आणि किती वाजता’ याचे उत्तर नेणाऱ्या माणसापाशी नसते. ते उत्तर तयार करणे हे आपल्या कार्यकर्त्यांचे काम आहे.

त्या रात्री मी एक कागद घेतला आणि हिशेब उलटा मांडला. सुरुवात घराच्या दारापासून केली. दारात यायची वेळ पावणेअकरा. त्यासाठी घाटकोपर स्थानकातून सव्वादहा-साडेदहाला बाहेर पडायला हवे. त्यासाठी आझाद नगरला पावणेदहाच्या सुमारास मेट्रो मिळायला हवी. सामना साडेसातचा, मधली विश्रांती आणि वाया गेलेला वेळ धरून तो नऊ-पंचवीसच्या सुमारास संपणार. म्हणजे मैदानातून बाहेर पडून स्थानकात पोहोचायला वीस मिनिटे उरतात. ती गर्दीत कमी पडली तर? म्हणून ठरवलेल्या गाडीनंतरच्या आणखी दोन गाड्या हिशेबात धरल्या आणि घरी सांगायची वेळ सव्वाअकरा अशी लिहिली. आपण सांगितलेल्या वेळेच्या आधी पोहोचलो तर आई खूश होते. दहा मिनिटे उशीर झाला तरी पुढच्या वेळी ती मुलीला पाठवत नाही. हा कागद झेरॉक्स करून प्रत्येक घरी दिला. त्यावर बरोबर येणाऱ्या सहा मोठ्या माणसांची नावे आणि फोन नंबर लिहिले. सहांपैकी तीन बायका होत्या. कागद गेल्यावर दोन दिवसांत मुलींची सात नावे आली. सगळे मिळून चोवीस मुले झाली.

बाकीची तयारी साधीच आहे, पण ती न केल्यामुळे माणसे हैराण होतात, म्हणून सविस्तर सांगतो. परतीचे तिकीट जातानाच काढून ठेवावे. लोकलचेही मिळते, मेट्रोचेही मिळते. सामना सुटल्यावर तिकीट खिडकीपुढे जी रांग लागते तिच्यात उभे राहिले की दोन गाड्या हमखास जातात. लोकलमध्ये पाच ते बारा वर्षांच्या मुलांना अर्धे तिकीट असते, हे पुष्कळांना माहीत नसते. घरून पोटभर खाऊन निघावे, कारण बहुतेक मैदानांत डबा, पाण्याची बाटली आत नेऊ देत नाहीत आणि आतले पदार्थ आपल्या खिशाला परवडत नाहीत. मोठ्या पिशव्या, छत्र्या घरीच ठेवाव्यात. लघवीला कुठे जायचे ते आत शिरल्याबरोबर मुलींना दाखवून द्यावे. पुरुष कार्यकर्त्यांना हे सुचत नाही. आमच्या बरोबरच्या ताईंनी ते सुचवले.

मुलांचे चार-चार जणांचे गट केले आणि प्रत्येक गटाला एक मोठे माणूस दिले. मोठ्या माणसाने फक्त आपली चार डोकी मोजायची. चोवीस मुले एकट्याने मोजणारा माणूस गर्दीत गोंधळतो. चार मोजणारा गोंधळत नाही. लहानांच्या मनगटावर पेनाने फोन नंबर लिहिले. चुकलात तर स्टेशनकडे धावायचे नाही, ज्या फाटकातून आत आलो त्याच फाटकाच्या आतल्या बाजूला उभे राहायचे, हे तीनदा वदवून घेतले. ११२ हा पोलिसांचा आणि १०९८ हा मुलांच्या मदतीचा नंबर सगळ्यांकडून पाठ करून घेतला.

आणि सर्वांत महत्त्वाचा नियम : पंचांची शेवटची शिट्टी झाली की उठायचे नाही. पंधरा मिनिटे जागेवर बसून राहायचे. पुढची झुंड जाऊ द्यायची आणि मग सावकाश निघायचे. हा नियम मी उगाच केलेला नाही. १६ ऑगस्ट १९८० रोजी कोलकात्याच्या ईडन गार्डन्सवर मोहन बागान आणि ईस्ट बंगालचा सामना बघायला गेलेले सोळा जण घरी परतले नाहीत. गॅलरीत मारामारी झाली आणि चेंगराचेंगरीत ते गेले. इंडोनेशियात १ ऑक्टोबर २०२२ रोजी सामना संपल्यावर पोलिसांनी अश्रुधूर सोडला आणि बाहेर पडण्याच्या दारांशी झालेल्या रेटारेटीत १३५ माणसे मेली. आपल्या मुंबईत २९ सप्टेंबर २०१७ रोजी एल्फिन्स्टन रोडच्या अरुंद पुलावर तेवीस जण गेले. तिथे तर सामनाही नव्हता, कामावर जाणारी माणसे होती. बंगळूरला ४ जून २०२५ रोजी क्रिकेटच्या विजयाचा जल्लोष बघायला आलेले अकरा जण स्टेडियमच्या दारांबाहेर चिरडले गेले. ही माणसे मेली त्यात त्यांचा स्वतःचा काही अपराध नव्हता. अरुंद वाट आणि एकाच वेळी तिच्यावर आलेली माणसे, एवढे कारण पुरते. वाट रुंद करणे आपल्या हातात नाही, पण पंधरा मिनिटे बसून राहणे आपल्या हातात आहे.

आता पार्किंगविषयी. आमच्या शेजारचा एक तरुण मित्राबरोबर मोटारसायकलवर अंधेरीला सामना बघायला गेला. मैदानाच्या आसपासच्या रस्त्यांवर जागा मिळेना, म्हणून एका गल्लीत गाडी लावली. आत गेल्यावर फाटकावरच्या माणसाने हेल्मेट नेऊ दिले नाही. ते एका पानवाल्याकडे ठेवून यावे लागले आणि पहिला गोल हुकला. सामना सुटल्यावर बघतात तो गाडी जागेवर नाही. टोइंगवाल्यांनी ती उचलून नेली होती. कुठे नेली हे शोधत रात्री बारापर्यंत दोघे पायपीट करत होते. दंड आणि उचलण्याचे पैसे मिळून त्याची दीड दिवसाची मजुरी गेली. मेट्रोने त्याचे जाऊन-येऊन ऐंशी रुपये झाले असते.

यात त्या तरुणाला दोष देऊन काय उपयोग? सात हजारांच्या आसपास माणसे बसतील एवढे ते मैदान. एका मोटारीत चार माणसे आली असे धरले तर सगळ्यांना आणायला साडेसतराशे मोटारी लागतील. शहराचे नियोजन करणारे लोक उघड्या पार्किंगमध्ये, ये-जा करायच्या वाटेसह, एका मोटारीला २३ चौरस मीटर जागा धरतात. म्हणजे साडेसतराशे मोटारींना चाळीस हजार चौरस मीटर, जवळजवळ दहा एकर! फुटबॉलची साडेपाच मैदाने त्यात मावतील. अंधेरीत एवढी मोकळी जागा कुठून आणायची? उलट मेट्रोच्या चार डब्यांच्या एका गाडीत दीड हजारापर्यंत माणसे जातात. तीच सात हजार माणसे पाच-सहा गाड्यांत घराच्या वाटेला लागतात.

हा हिशेब करताना माझी पेन्सिल मध्येच थांबली. २३ चौरस मीटर म्हणजे सुमारे २४८ चौरस फूट. झोपडपट्टी पुनर्वसन योजनेत आपल्या कुटुंबांना आधी २२५ चौरस फुटांची खोली मिळत असे. पुढे ती २६९ झाली आणि २०१८ साली ३०० करण्याचे ठरले. म्हणजे कित्येक वर्षे एका अख्ख्या कुटुंबाला, म्हातारे आई-बाप, मुले, सुना धरून, जेवढी जागा देण्यात आली तिच्याहून जास्त जागा एका मोटारीच्या पार्किंगसाठी धरली जाते. म्हणून ‘मैदानाजवळ पार्किंग वाढवा’ अशी मागणी कोणी केली की मी विचारतो, ही जागा कोणासाठी मागता? अपंग माणसाची गाडी, रुग्णवाहिका, म्हाताऱ्यांना सोडायला आलेली रिक्षा, यांच्यासाठी दाराजवळ जागा हवीच हवी. आणि ज्यांच्या गावाहून रात्री गाडीच नाही त्यांनी काय करावे? त्यांनी मैदानाच्या दारापर्यंत मोटारसायकल आणू नये. वाटेत एखाद्या रेल्वे स्टेशनच्या पैसे देऊन गाडी ठेवायच्या जागेत ती लावावी, पावती जपून ठेवावी, ती जागा रात्री किती वाजता बंद होते ते आधी विचारावे आणि पुढे लोकलने जावे.

या आखणीची खरी परीक्षा झाली ती नेरूळला. ३० ऑक्टोबर २०२२ रोजी मुलींच्या सतरा वर्षांखालील विश्वचषकाची अंतिम लढत डी. वाय. पाटील स्टेडियममध्ये होती. स्पेन विरुद्ध कोलंबिया, रात्री आठ वाजता. दिवाळीची सुट्टी होती. या वेळी मुलींची नावे आधी आली. तेरा मुली आणि अकरा मुले. पण अंधेरीपेक्षा हा प्रवास अवघड. कुर्ल्याला गाडी बदलून हार्बरने नेरूळ, आणि तिथून वीसेक मिनिटे चालत. त्यात तो रविवार, म्हणजे मेगाब्लॉकची सूचना शनिवारीच वाचून ठेवावी लागली. एक कार्यकर्ता आदल्या आठवड्यात रात्री दहा वाजता मुद्दाम नेरूळला जाऊन तो रस्ता चालून आला. कुठे दिवा आहे, कुठे नाही, कुठे फूटपाथ खणला आहे, हे त्याने वहीत टिपून आणले. आम्ही मग थोडा लांबचा पण उजेडाचा रस्ता धरला.

सामना शेवटच्या दहा मिनिटांपर्यंत बरोबरीत होता. एकही गोल नाही. घड्याळ पुढे सरकत होते आणि आमच्या मागच्या रांगेतली दोन कुटुंबे गाडी चुकेल म्हणून उठून गेली. त्यांतली एक मुलगी वळून वळून मैदानाकडे बघत जिना उतरली. आमच्यापैकी कोणी उठले नाही, कारण कागदावर अजून दोन गाड्या शिल्लक होत्या. बरोबर त्यानंतर गोल झाला आणि स्पेनने १-० ने चषक जिंकला. गोल झाला तेव्हा आमच्या मुली बाकावर उभ्या राहून ओरडत होत्या. त्यांच्याच वयाच्या मुली, हजारो माणसांसमोर, दिव्यांच्या उजेडात विश्वचषकासाठी खेळताना त्यांनी बघितल्या. घरी परततानाच्या गाडीत बारा वर्षांची एक मुलगी मला म्हणाली, "काका, त्यांच्या आया पण दारात बसल्या असतील का हो?" मी म्हटलं, "असतीलच की."

कुर्ल्याला प्रत्येक गटाची डोकी मोजली, घाटकोपरला पुन्हा मोजली. कागदावर पावणेबारा लिहिले होते. शेवटची मुलगी घरी गेली तेव्हा अकरा-पस्तीस झाले होते.

आपण आपल्या परीने एवढे करू शकतो. पण सगळा भार कुटुंबांवर टाकून चालणार नाही. जर्मनीत अनेक क्लबांच्या सामन्याच्या तिकिटावरच त्या दिवशीचा बस आणि रेल्वेचा स्थानिक प्रवास करता येतो. वेगळे तिकीट काढावे लागत नाही. कतारला २०२२ च्या विश्वचषकात सामने बघायला आलेल्यांना मेट्रो फुकट होती. कोलकात्यात सॉल्ट लेकच्या मोठ्या स्टेडियमला २०२० पासून स्वतःचे मेट्रो स्थानक आहे. आपल्याकडे अशा गोष्टी मागितल्याशिवाय होत नाहीत. सामन्याच्या तिकिटावर शेवटच्या मेट्रोची आणि लोकलची वेळ छापा, सामना सुटल्यावर दोन जादा गाड्या सोडा, मैदान ते स्टेशन या रस्त्यावरचे दिवे त्या रात्री तरी चालू ठेवा, बायकांसाठी स्वच्छतागृहे वाढवा, या चार मागण्या आम्ही लेखी स्वरूपात दिल्या आहेत. एका कचेरीने पोच दिली, दुसरीने तीही दिली नाही. पोचेची प्रत फाइलला लावून ठेवली आहे. दर तीन महिन्यांनी स्मरणपत्र पाठवतो. कारकुनाला स्मरणपत्राचा कंटाळा येत नसतो.

वस्तीवस्तीतील मंडळांना आणि महिला मंडळांना माझी विनंती आहे. वर्षातून एकदा तरी आपल्या मुलामुलींना मोठ्या मैदानावरचा खेळ दाखवायला न्या. फुटबॉल असो, हॉकी असो, कबड्डी असो. न्यायचे ठरले की आधी परतीची गाडी बघा, मग सामन्याचे तिकीट काढा. वेळेचा कागद प्रत्येक घरी द्या आणि त्यावर लिहिलेल्या वेळेच्या आत प्रत्येक मूल दारात पोहोचवा. एकदा वेळ पाळलीत की पुढच्या वर्षी मुलींची नावे मागायला घरोघरी जावे लागणार नाही.